भाकड

रात्री साडेदहा. शटर अर्ध्यावर ओढलं होतं मी,
तेवढ्यात सर्जेराव पोवार आले, लुंगीवरच.
हातांना अजून धारेचा वास
आणि हातांवर पाखरी.

कारवानी जात, एरवी वाऱ्याची.
आता पाय ताठ, जबडा आवळलेला, ताप एकशेपाच,
अंगभर अशी थरथर
की लोखंडी टेबल वाजायला लागलं.
"विष घातलं असंल कुणीतरी," सर्जेराव म्हणाले,
"गल्लीत जळणारी लई."

नेजदार डॉक्टरीणबाईंनी विचारलं, पिल्लं किती दिवसांची?
"अठरा."
आणि किती?
"नऊ. समदी बुक हायत. दोन तर बेळगावला."

मी नोंदवही मागं मागं चाळली.
सतरा वर्षं हेच करतो इथं,
बाई शीर शोधतात, मी पान.
पाखरी, पोवार, गंगावेस.
परवाच्या दसऱ्याला पहिलं वेत, पाच. वय चौदा महिने.
पाडव्याला आठ.
गणपतीत सात, त्यातलं एक मेलेलं.
शिमग्याला हे नऊ.
दीड वर्ष आणि चार वेतं.
बेरीज मी मोठ्यानं केली नाही.

कॅल्शियम हळू सोडायचं असतं.
बाईंच्या कानांत नळ्या, छातीवर चकती,
ठोका चुकला की बोट वर,
मी सिरिंज थांबवायची.
असं वीस मिनिटं.
"हाडातलं काढून दूध केलंय हिनं," बाई म्हणाल्या.
"म्हशीला येतो, तोच दुधाचा ज्वर."

म्हशीचं नाव निघालं तसे
सर्जेराव पहिल्यांदा स्टुलावर टेकले.
तो विषय त्यांचा.
पहाटे कट्ट्यावर ग्लास धरून उभी राहणारी माणसं
त्यांच्या म्हशींना नावानं ओळखतात.

व्यायच्या आधी धार कधी तोडता हो?
"दोन म्हयने. आटवाय नको? भाकड ठेवल्याबिगर
म्होरल्या वेताला काय देणार ती, कप्पाळ?"

बोलले आणि गप्प झाले.
बाईही काही बोलल्या नाहीत.
बाहेर शेवटची केएमटी वळून गेली.

भाकड.
माझ्या थोरल्या बहिणीला हा शब्द
हळदीकुंकवाच्या घोळक्यात कुणीतरी पाठीमागून मारला होता.
तिनं वाण तिथंच ठेवलं, घरी आली, भांडी घासत बसली.
त्यानंतर गोठ्यातसुद्धा तो माझ्या तोंडी येत नसे.
आणि हा माणूस तो असा उच्चारत होता
जसं कुणी उशी सारखी करावी
दमलेल्या माणसाच्या डोक्याखाली.

पावणेबाराला थरथर उतरली.
पाखरीनं मान उचलली, आधी टेबलाच्या चारी कडा हुंगल्या.
नऊ जण कुठं गेले?
सर्जेरावांनी घरी फोन लावला,
"पावडरचं दूध कालवा, बाटलीनं पाजायचं समद्यास्नी.
व्हय, रातभर. तू झोप, मी बसतो."

गणपतीच्या आधी ते परत आले. पाखरी चालत, चकचकीत,
शेपटी बाजूला धरलेली.
"माजावर आलीया. मिरजेचा एक जण नर घिऊन दारात हुता,
पैसं बी टेकवत हुता."
मग?
"मग काय. म्हटलं, आमची भाकड हाय."
स्वतःच हसले, मग खर्जात विचारलं,
"पर पुढल्या साली एक चालंल न्हवं, बाई?"

बाईंनी तिचं पोट चाचपलं, हिरड्या बघितल्या,
वजन माझ्याकडून दोनदा करून घेतलं.
"रक्त तपासू तेव्हा. बरी असली तर एक.
मग पिशवी काढायची, आणि ती मोकळी."
सर्जेरावांनी 'बरं' म्हटलं नाही, 'न्हाई'ही म्हटलं नाही.
दोरी हाताला गुंडाळत राहिले.

मी वहीत तारीख घातली.
वेताच्या रकान्यात काय लिहावं कळेना.
एक आडवी रेघ मारली,
जरा लांबच मारली.
पाखरी तोवर दाराशी,
पुढचे पंजे पायरीवर,
रस्त्यापलीकडच्या मांजरावर नजर लावून
सगळ्या अंगानं ओढत होती
सर्जेरावांना.